तुम्ही विचारलंत म्हणून: कॅथलीन बायरनच का?

आवडती नटी कोण, असा विषय निघाला की मी कॅथलीन बायरनचं नाव घेते. मग पुढचा प्रश्न ठरलेला: 'ही कोण? आणि हीच का?' तुम्हीही विचारलंत, म्हणून आज नीट सांगते.

ती लंडनची, जन्म १९२१चा. तिची जी काही ओळख उरली आहे ती 'ब्लॅक नार्सिसस'मुळे. मायकल पॉवेल आणि एमरिक प्रेसबर्गर यांचा हा सिनेमा १९४७ साली आला. हिमालयातल्या जुन्या राजवाड्यात शाळा आणि दवाखाना चालवायला गेलेल्या पाच नन्सची ती गोष्ट. प्रत्यक्षात युनिट भारतात आलंच नाही. राजवाडा पाइनवुड स्टुडिओत उभारला, डोंगर चक्क रंगवले. पण त्या रंगवलेल्या दरीच्या काठावर कॅथलीनची सिस्टर रूथ दिसते तेव्हा पोटात गोळा येतो.

एक प्रसंग सांगते. रात्रीची वेळ. रूथने ननचा झगा टाकून गडद लाल पोशाख घातलाय. समोर मठाची प्रमुख सिस्टर क्लोडा, म्हणजे डेबोरा कर. जवळच मेणबत्ती जळतेय. क्लोडा बायबल उघडते. रूथ लिपस्टिक काढते आणि सावकाश ओठांवरून फिरवते. घाई नाही, किंचाळणं नाही. सतत डावललेल्या बाईला आज पहिल्यांदा आपण कुणीतरी आहोत असं वाटतंय, आणि ते सगळं त्या चेहऱ्यावर वाचता येतं. तिची भीती वाटते तितकीच कणवही येते.

पुढे निर्मात्यांच्या लक्षात राहिले ते फक्त तिचे डोळे. विक्षिप्त, कडवट बायकांच्या भूमिका वाट्याला आल्या, मग दुय्यम कामं. याचा मला अजूनही राग येतो. कारण १९४९च्या 'द स्मॉल बॅक रूम'मध्ये त्याच पॉवेल-प्रेसबर्गरनी तिला सूझन दिली होती. युद्धाचे दिवस. तिचा सॅमी बॉम्बतज्ज्ञ, एक पाऊल कृत्रिम, वेदनेने आणि दारूच्या ओढीने बेजार. घरात व्हिस्कीची एक बाटली विजयाच्या दिवसासाठी न उघडता ठेवलेली. सूझन त्याला उपदेश करत बसत नाही. त्याला सांभाळते, आणि सहन होईनासं झालं की स्पष्ट बोलते. इतकी समजूतदार, हाडामांसाची प्रेयसी त्या काळच्या पडद्यावर मी क्वचितच पाहिली. ज्यांनी फक्त रूथ पाहिली त्यांनी अर्धीच कॅथलीन पाहिली.

तुम्हीही तिला बहुतेक पाहिलंय. १९९८चा 'सेव्हिंग प्रायव्हेट रायन' आठवा. शेवटी नॉर्मंडीतल्या सैनिकी कबरस्तानात म्हातारा रायन बायकोला विचारतो, मी चांगला माणूस आहे ना? ती पांढऱ्या केसांची बायको म्हणजे कॅथलीन बायरन. तिला जेमतेम काही शब्द आहेत. आधी तिला प्रश्नच उमगत नाही. मग ती नवऱ्याच्या चेहऱ्याकडे बघते, आणि हो म्हणते.