मार्विन गेचा 'व्हॉट्स गोइंग ऑन' फ्लॅकमध्ये: आतापर्यंतची नोंद

सध्या एकाच अल्बमच्या मागे लागलोय, अमेरिकन सोल गायक मार्विन गेच्या १९७१ सालच्या 'व्हॉट्स गोइंग ऑन'च्या. सीडीवरून फ्लॅक (आवाजातलं काहीही न गमावता फाइल लहान करणारा, म्हणजे लॉसलेस प्रकार) करून घेतला, १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झ. जेमतेम पस्तीस मिनिटांचा अल्बम आहे, त्यामुळे अडीचशे एमबीच्या आत बसतो. विंडोजचा मिक्सर आवाज ४८ किलोहर्ट्झवर नेऊ नये म्हणून प्लेअर एक्सक्लुझिव्ह मोडवर (मिक्सरला वगळून आवाज थेट पुढे पाठवणारी सोय) ठेवलाय. पुढे साधा डॅक (डिजिटल आवाजाचं विद्युत संकेतात रूपांतर करणारं यंत्र) आणि वायरचा हेडफोन.

सगळ्यात मोठा फरक पडला तो गाण्यांच्या सांध्यांत. मूळ रेकॉर्डच्या पहिल्या बाजूची सहा गाणी एकातून दुसऱ्यात वाहत जातात. 'सेव्ह द चिल्ड्रन'च्या शेवटी लय अचानक उचलते आणि त्याच ओघात 'गॉड इज लव्ह' सुरू होतं. माझ्या जुन्या एमपीथ्री प्रतीत नेमकी इथेच बारीकशी उचकी लागायची. कारण साधं आहे. एमपीथ्री एन्कोडर ११५२ सॅम्पलच्या (आवाजाच्या एकेका मोजमापाच्या) ठरावीक तुकड्यांत, म्हणजे फ्रेममध्ये, काम करतो आणि फाइलच्या सुरुवातीला नि शेवटी थोडी शांतता भरतो. किती भरली याची नोंद फाइलमध्ये असेल आणि प्लेअर ती वाचत असेल तर निभावतं, नाहीतर तालाला खळ पडते. फ्लॅकमध्ये मुळात जेवढी सॅम्पल तेवढीच राहतात. मात्र प्लेअर गॅपलेस (दोन गाण्यांत खंड न पाडणारा) हवा, हे विसरू नका. माझ्या मते या अल्बमसाठी लॉसलेस घ्यायचं पहिलं कारण हेच.

आता आवाजाबद्दल. ३२० केबीपीएसची (सेकंदाला इतके किलोबिट) एमपीथ्री आणि फ्लॅक यांची एबीएक्स चाचणी (कोणतं वाजतंय हे न सांगता ओळखायला लावणारी) शीर्षकगीतावर घेतली. फरक खात्रीने ओळखता आला नाही. १२८वर मात्र लगेच कळतो. गाण्याच्या सुरुवातीला जी गप्पांची गजबज आहे (त्यात डेट्रॉइट लायन्सचे फुटबॉलपटू लेम बार्नी आणि मेल फार यांचे आवाज आहेत) ती १२८वर एकमेकांत कालवल्यासारखी होते, टॅम्बरिनचं टोक बोथट होतं. फ्लॅकमध्ये बोलणारे एकेक सुटे होतात आणि त्यांच्यावरून ईलाय फॉन्टेनचा अल्टो सॅक्स तरंगत येतो. फॉन्टेन तेव्हा फक्त हात मोकळा करत होता म्हणे. गेने तेवढंच ठेवून घेतलं आणि त्याला घरी जायला सांगितलं.

मग ते दोन मार्विन. इंजिनिअर केन सँड्सने निवड करायला सोपं जावं म्हणून मुख्य गायनाचे दोन टेक तयार ठेवले होते. ते चुकून एकत्र वाजले आणि मार्विनला ते इतकं आवडलं की पुढे ती त्याची खूणच झाली. हेडफोनवर डोळे मिटून फक्त श्वासांकडे लक्ष द्या. एक आवाज ओळ संपवून थांबलेला असतो, दुसरा अजून शेवटचं अक्षर लांबवत असतो. स्वतःलाच दाद देत गाणारा माणूस ऐकताना अंगावर काटा येतो.

या आठवड्यात बेस गिटार ऐकत बसलो. शीर्षकगीतात बेसवर जेम्स जेमर्सन आहे. दारूच्या अंमलात नीट बसताही येईना म्हणून त्याने जमिनीवर उताणं पडून वाजवलं, असं सांगतात. वादन ऐकून ते खरं वाटत नाही, इतकं ते मोकळं आणि नेमकं आहे. फ्लॅटवाउंड (सपाट पट्टी गुंडाळलेल्या, गुळगुळीत) तारा आणि छेडायला एकच बोट, त्यामुळे सूर गोल येतो, लगेच मिटतो, आणि दोन सुरांमधली जागा ऐकू येते. 'मर्सी मर्सी मी' आणि 'इनर सिटी ब्लूज'मध्ये बॉब बॅबिट आहे. तो मला जास्त ठाम आणि जमिनीला धरून वाटतो. ही दोन गाणी शीर्षकगीताला लागून ऐका, हात वेगळा आहे हे पटकन लक्षात येईल. मोटाउनने (गेच्या रेकॉर्ड कंपनीने) वादकांची नावं अल्बमवर छापली ती इथूनच. इतकी वर्षं हे लोक निनावी वाजवत होते याचा मला आजही राग येतो.

पुढचं काम डेट्रॉइट मिक्सचं (मिक्स म्हणजे वेगवेगळ्या वाद्यांचे नि गायनाचे आवाज एकत्र जुळवून केलेली अंतिम आवृत्ती). बाजारात आलेला मिक्स लॉस एंजेलिसमध्ये झाला. आधीचा डेट्रॉइटचा मिक्स २००१च्या डिलक्स आवृत्तीत मिळतो. वरवर ऐकताना त्यात तंतुवाद्यं मागे आणि ताल पुढे वाटला. पण दोन्हींची पातळी रिप्लेगेनने (गाण्यांचा मोठेपणा मोजून सारखा करणारी सोय) सारखी केल्याशिवाय मत देणार नाही, कारण जरा मोठं वाजलेलं कानाला नेहमीच चांगलं वाटतं. कुणी दोन्ही मिक्स असे पातळी जुळवून ऐकले असतील तर 'राइट ऑन'बद्दल जरूर लिहा. त्यातली तालवाद्यं मला सगळ्यात आधी तपासायची आहेत.