फासतात तो हरताळ कोणता?

‘आश्वासनांना हरताळ फासला’ हे वाक्य वर्तमानपत्रात अधूनमधून येतंच, आणि वाचणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांच्या डोळ्यांपुढे बंद दुकानं उभी राहतात. तो हरताळ वेगळा. दुकानं बंद ठेवतात तो हरताळ ‘पाळतात’. तो हाट म्हणजे बाजार आणि ताळं म्हणजे कुलूप यांतून गुजरातीत घडला आणि ६ एप्रिल १९१९ ला रौलट कायद्याविरुद्ध देशभर पाळला गेला तेव्हा सगळ्यांच्या तोंडी बसला. ‘फासतात’ तो हरताळ म्हणजे एक पिवळंधमक खनिज, संस्कृतातलं हरिताल. क्रियापद पाहिलं की कुठला हरताळ ते कळतं, आणि म्हणूनच ‘व्यापाऱ्यांनी हरताळ फासला’ असं कोणी लिहिलं की दोन्ही हरताळ एकदम वाया जातात. भाद्रपद शुद्ध तृतीयेची हरतालिका तिसरीच: ‘हरित’ म्हणजे पळवून नेलेली आणि ‘आलि’ म्हणजे सखी. तिचा खनिजाशी काही संबंध नाही. गंमत एवढीच, की कालिदासाने कुमारसंभवाच्या सातव्या सर्गात पार्वतीच्या लग्नातला टिळा ओल्या हरितालाचा आणि मनशिळेचा लावून घेतला आहे.

आता खनिज. हरताळ म्हणजे आर्सेनिक आणि गंधक यांचं संयुग, आर्सेनिकचे दोन अणू आणि गंधकाचे तीन. वजनात पाहिलं तर साधारण ६१ टक्के आर्सेनिक आणि ३९ टक्के गंधक. त्याचा लाल-केशरी भाऊ मनशीळ, त्यात आर्सेनिक ७० टक्के. दोन्ही बहुधा एकाच ठिकाणी, गरम झऱ्यांच्या किंवा ज्वालामुखीच्या वाफांच्या वाटेवर सापडतात. दख्खनच्या काळ्या कातळात हरताळ शोधू नये. आपल्याकडे तो कायम बाहेरूनच आला, आजच्या पाकिस्तानातल्या चित्रळसारख्या डोंगराळ मुलखातून आणि चीनच्या युनान प्रांताकडून. लॅटिनमध्ये त्याचं नाव ‘सोनेरी रंग’ अशा अर्थाचं. त्या रंगाला भुलून रोमचा सम्राट कॅलिग्युला याने ढीगभर हरताळ वितळवून सोनं काढायचा प्रयत्न केला, अशी नोंद रोमन लेखक प्लिनीने केली आहे.

काष्ठौषधींच्या दुकानात ‘हरताळ द्या’ म्हटलं तर मात्र पुढ्यात काय येईल याची खात्री देता येत नाही, आणि खरा घोळ इथेच आहे. जुन्या रसग्रंथांत, म्हणजे आयुर्वेदातल्या खनिज-औषधांच्या ग्रंथांत, हरताळाचे दोन प्रकार येतात. पत्रताल म्हणजे पापुद्र्यांचा, सोन्यासारखा चकाकणारा, जड. व्यवहारात त्याला वरखी किंवा तबकी म्हणतात. दुसरा पिंडताल, म्हणजे गोळ्यासारखा, पापुद्रे नसलेला, कमी चमकेचा. हे दोन्ही खरे हरताळ आणि दोन्ही विषारी. पण ‘गोदंती हरताळ’ नावाने जे मिळतं ते जिप्सम. गाईच्या दातासारखं पांढरं, रेषारेषांचं, आर्सेनिकचा अंशही नसलेलं. गोदंती भस्म याचंच होतं. भाजल्यावर त्यातलं पाणी उडतं आणि १०० ग्रॅमचे जवळपास ७९ ग्रॅम उरतात. खरा हरताळ तसा भाजला तर विषारी धूर होतो. नुसत्या ‘हरताळ’ या शब्दावर भरवसा ठेवून एकाच्या जागी दुसरं वापरणं म्हणजे जिवाशी खेळ. चिठ्ठीवर, बरणीवर, वहीत, कुठेही लिहिताना ‘गोदंती’ हा शब्द वगळू नका. माझं मत विचाराल तर जिप्समला हरताळ म्हणणं बंदच व्हायला हवं, पण बाजार असल्या मतांना विचारत नाही.

ओळखायचं कसं? नखाने ओरखडा उठतो ही खूण पुरेशी नाही, कारण हरताळ, मनशीळ आणि गोदंती तिन्ही नखाएवढीच मऊ. गंधकही फार कठीण नाही. रंगावरही जाऊ नये. खात्रीची खूण वजन. हातमोजे घालून खडा दोऱ्याला बांधा. डिजिटल काट्यावर पाण्याचं भांडं ठेवून काटा शून्य करा, मग खडा पाण्यात पूर्ण बुडेल पण तळाला टेकणार नाही असा हातात धरा. काट्यावर जे ग्रॅम दिसतील त्यांनी खड्याच्या कोरड्या वजनाला भागा, ती झाली घनता. ७० ग्रॅमचा खडा असेल तर हरताळासाठी काटा २० च्या आसपास दाखवेल, गोदंतीसाठी ३० आणि गंधकासाठी ३४. चुकतं कुठे? खड्याला दगडाची मळी चिकटलेली असते, पापुद्र्यांत हवेचे बुडबुडे अडकतात (मग खडा हलका भासतो), किंवा खडा तळाला टेकतो आणि काटा भलताच आकडा दाखवतो. हे भांडं आणि हा काटा पुन्हा स्वयंपाकघरात न्यायचा नाही.

हरताळ आणि मनशीळ यांत मात्र वजनाने फरक कळत नाही. दोघांची घनता ३.५ च्या आगेमागेच. तिथे कस पाहायचा, म्हणजे बिनचकाकीच्या चिनी मातीच्या तुकड्यावर खडा घासून उठणारी रेघ. हरताळाची रेघ फिकट पिवळी, मनशिळेची नारिंगी. हरताळाचा पापुद्रा वाकवला तर वाकतो आणि तसाच राहतो, अभ्रकासारखा परत सरळ होत नाही. भाजून लसणासारखा वास येतो का पाहावं, अशी एक जुनी परीक्षा सांगतात. ती करू नये. तो वास म्हणजे नाकात गेलेलं आर्सेनिक.

जुन्या संग्रहात आणखी एक फसवणूक होते. मनशिळेवर उजेड पडत राहिला की तिची पिवळी भुकटी होते. या भुकटीचं वेगळं खनिज म्हणून नाव आहे पॅरारिअलगार. पोथीवर किंवा चित्रावर पिवळा, पिठूळ डाग दिसला की लोक हरताळ लिहून मोकळे होतात, आणि मूळ रंग लाल होता हे कायमचं हरवतं. डागाच्या कडेला, चौकटीखाली झाकलेल्या भागात नारिंगी रेघ शिल्लक आहे का, ते आधी पाहावं. खड्यावर पांढरी बुरशीसारखी पूड दिसली तर ती बुरशी नव्हे, सोमल, म्हणजे आर्सेनिकचं पांढरं विष. आणि सोमल पाण्यात विरघळतो.

आता ‘फासणे’. जुन्या कागदी पोथ्यांत लेखनिकाची चूक झाली की चुकलेल्या अक्षरांवर हरताळाचा लेप द्यायचे. तो वाळला की त्याच जागी बरोबर अक्षरं लिहायची. पश्चिम भारतातल्या जैन पोथ्यांत असे पिवळे ठिपके आणि पट्टे हमखास दिसतात. हरताळच का, तर तो अपारदर्शक आहे, थोड्या लेपात काळी शाई झाकतो, कागदाला ओला करून फाडत नाही आणि वर शाई धरून ठेवतो. खरवडून चूक काढायला गेलं तर हातकागदाचा वरचा घोटलेला थर निघतो आणि पुढची शाई फुटते. शिवाय विष असल्यामुळे किडीचा बंदोबस्त आपोआप होतो. नेपाळात याच कारणासाठी अख्खे कागद हरताळाने पिवळे करून मग त्यावर लिहीत.

लेप करायची रीत सोपी दिसते, पण त्यात मेख आहे. पापुद्रे निवडून, पाण्यात खलून, गाळ बसवून वरचं पाणी ओतून द्यायचं, असं पुन्हा पुन्हा करून मग बाभळीच्या डिंकात कालवायचं. फार बारीक वाटलं तर सोनेरी झाक जाते आणि लिंबासारखा फिका रंग उरतो, कारण चमक पापुद्र्यांच्या सपाट पृष्ठांमुळे येते. जाडं ठेवलं तर कण कागदावर टिकत नाहीत. डिंक कमी पडला की बोट लागताच पिवळी पूड सुटते. जास्त झाला की लेप तडकतो आणि पान दुमडताना पापुद्रा होऊन उडतो. आज पोथ्यांतल्या लेपाचं दिसणारं बरंच नुकसान या दोन कारणांनी झालेलं आहे. लेप उडाला की खालचं चुकीचं अक्षर पुन्हा उघडं पडतं, वरचं बरोबर अक्षर मात्र गेलेलं असतं. नक्कल करणारा मग मूळची चूकच उतरवून घेतो. पाठभेदाच्या टीपेत एखादं विचित्र रूप दिसलं तर ही शक्यता तपासून पाहावी.

हरताळाखालचं अक्षर वाचता येतं. उजेड पानाच्या मागून टाकला तर कधी कधी दिसतं, पण खात्रीचा उपाय म्हणजे इन्फ्रारेड छायाचित्र. हरताळ त्या किरणांना जवळपास पारदर्शक असतो आणि काजळीची शाई काळीच राहते. यासाठी कॅमेऱ्याच्या सेन्सरवरची इन्फ्रारेड अडवणारी काच काढलेली हवी आणि भिंगावर दृश्य प्रकाश अडवणारा फिल्टर. लोखंडी शाई असेल तर मात्र निराशा होते, कारण इन्फ्रारेडमध्ये ती स्वतःच फिकी पडते. वाक्प्रचार सांगतो की हरताळ फासला म्हणजे गोष्ट नाहीशी झाली. कागदावर ती फक्त झाकलेली असते.

चित्रकारांनाही हरताळाशी जुळवून घ्यावं लागे. नीळ आणि हरताळ मिसळून होणारा पोपटी हिरवा भारतीय लघुचित्रांत भरपूर आहे, कारण निळीशी हरताळाची काही प्रक्रिया होत नाही. जंगालाशी म्हणजे तांब्याच्या हिरव्याशी, किंवा सफेद्याशी म्हणजे शिशाच्या पांढऱ्याशी गाठ पडली की धोका. हरताळातलं गंधक तांबं किंवा शिसं ओढून घेतं आणि काळा डाग पडतो. पानं एकमेकांवर दाबून ठेवलेली असतील तर समोरच्या पानावरसुद्धा.

केस काढायचा जुना लेपही याचाच, चुना आणि हरताळ. अल्कलीत हरताळ विरघळतो आणि तयार होणारी सल्फाइडं केसातल्या प्रथिनांचे दुवे तोडतात. हीच प्रक्रिया पोथीच्या बाबतीत अंगाशी येते. आम्ल झालेला कागद वाचवायला चुन्याच्या निवळीचं स्नान देतात. हरताळ असलेल्या पानाला ते दिलं तर पिवळा लेप सुटतो आणि आर्सेनिक कागदभर पसरतं. अशा पानावर ओला उपचार करायचाच असेल तर तो संवर्धन-तज्ज्ञानेच करावा, आणि आधी कोपऱ्यातला ठिपका तपासून.

औषधातल्या वापराबद्दल थोडक्यात. रसशास्त्रात हरताळ उपरसांत, म्हणजे दुय्यम खनिजांच्या गटात मोजतात. शोधनासाठी पुरचुंडीत बांधून दोलायंत्रात, म्हणजे भांड्यात अधांतरी लोंबकळत, कोहळ्याच्या रसात किंवा चुन्याच्या निवळीत तो शिजवतात. शोधलेला हरताळ अभ्रकाच्या दोन पत्र्यांत धरून तापवला की माणकासारखा लाल होतो, तो रसमाणिक्य. या पाककृती घरी करायच्या नाहीत. औषधांच्या सरकारी नियमांतल्या ई-१ अनुसूचीत हरताळ, मनशीळ आणि सोमल तिन्ही आहेत. ही द्रव्यं असलेल्या औषधावर वैद्याच्या देखरेखीखालीच घ्यावं अशी सूचना छापावी लागते. ती नसलेली पुडी घेऊ नये. ‘शोधलेलं आहे’ म्हणजे आर्सेनिक गेलं, असं अजिबात नाही.

घरात वारशाने आलेल्या पोथ्या असतील तर एवढं पाळा. पान उलटताना बोट जिभेला लावू नका. ही सवय कुठल्याही पोथीला वाईट, हरताळाच्या पोथीत सरळ विष. नायट्राइलचे हातमोजे आणि एन-९५ मास्क वापरा. ज्या टेबलावर पोथी उघडाल तिथे खाणं-पिणं नको, खाली पांढरा कागद अंथरा, म्हणजे सुटलेली पिवळी पूड दिसते. ती झटकू किंवा फुंकू नका. कागद आत दुमडून झिपच्या पिशवीत घाला आणि वर आर्सेनिक असं लिहून ठेवा. घरचा व्हॅक्यूम क्लीनर तर नकोच, तो बारीक धूळ मागच्या बाजूने खोलीभर सोडतो.

पावसाळा सरला की पोथ्यांना ऊन दाखवायची आपल्याकडे रीत आहे. हरताळ आणि मनशीळ असलेल्या पोथ्यांना ते वर्ज्य समजा. उजेडात दोन्हींचं विघटन होतं, त्यातून सोमल तयार होतो आणि दमट हवेत तो शेजारच्या पानांत शिरतो. सावलीत, वारा खेळता ठेवून, बस्ता (पोथी बांधायचं कापड) सैल करून एक-दोन दिवस ठेवलं की तेवढंच काम होतं. प्रदर्शनात मांडायचं असेल तर उजेड ५० लक्सच्या आत ठेवा, आणि तोही मोजके आठवडे.

सूची करताना नुसतं ‘पिवळा रंग’ लिहू नये. हरताळाशिवाय पिवडी, हळद आणि एकोणिसाव्या शतकापासून क्रोमचा पिवळा, हे सगळे डोळ्याला सारखेच दिसू शकतात. हाती चालवायचं एक्स-रे उपकरण आर्सेनिक आहे की नाही ते पानाला हात न लावता सांगतं; हरताळ की पॅरारिअलगार हे मात्र त्याला कळत नाही, त्यासाठी रामन वर्णपट, म्हणजे लेझरचा उजेड टाकून केलेली तपासणी लागते. तपासणी झालेली नसेल तर ‘पिवळा अपारदर्शक लेप, बहुधा हरताळ, तपासलेला नाही’ अशी नोंद करावी, आणि बस्त्यावर बाहेरून दिसेल अशी विषाची चिठ्ठी लावावी.