बिशप की बसपा?

मी मोडी वाचून देते, तोच माझा धंदा. बहुतेक गिऱ्हाईकं जमिनीचे नाहीतर कुणबी नोंदीचे कागद घेऊन येतात, पण एकदा पीएचडी करणाऱ्या एका बाईंनी तंजावरच्या मराठ्यांच्या वेळच्या हिशेबी कागदांचे फोटो पाठवले आणि म्हणाल्या की ताई, यात रेजिनाल्ड हीबर बिशपचा उल्लेख कुठे दिसला तर लगेच फोन करा.

मला हा माणूसच माहीत नव्हता. पदवी नुसती कलकत्त्याचा बिशप, पण हाताखाली अख्खा हिंदुस्थान, सिलोन, वरून न्यू साउथ वेल्ससुद्धा! 1823 ला आला आणि नुसता फिरत राहिला. 1825 ला पुण्यात येऊन कॅम्पातलं सेंट मेरी चर्च विधी करून पवित्र करून गेला, ज्याच्यासमोरून मी आठवड्यातून चारदा स्कूटीवरून जाते. मग 1826 च्या मार्चअखेरीस, ईस्टर झाल्यावर, तंजावरात सरफोजीराजांना भेटला. तोवर राजांकडे किल्ला सोडला तर राज्य असं उरलंच नव्हतं, सगळं कंपनीने 1799 लाच घेतलेलं. तरी बिशपने पत्रात लिहिलंय की मुकुटवाले राजे पुष्कळ पाहिले पण याच्याइतका राजाला शोभेलसा वागणारा एकही नाही. लिनियस, लॅव्हॉझिएसारखे युरोपी शास्त्रज्ञ तोंडपाठ, शेक्सपियर कळतो, घोड्याची पारख आहे आणि वाघावर नेम धरताना हात हलत नाही. हे वाचून मला उगाचच माहेरचं कौतुक ऐकल्यासारखं झालं.

तर त्या दिवशी सकाळी शके 1747, फाल्गुन वद्यातला कागद उघडला. मार्चअखेर म्हणजे तोच पंधरवडा, आणि चौथ्या ओळीत स्पष्ट 'बीशप'! मोडीत ऱ्हस्व-दीर्घ नाहीच, शब्दही तोडत नाहीत, सगळी ओळ एका दमात. मी आनंदाने बाईंना फोन लावला, त्या तर अक्षरशः ओरडल्याच.

जेवून आले, फोटो मोठा करून पुन्हा पाहिला आणि पोटात गोळा आला. वेलांटी म्हणून वाचलेली रेघ वरच्या ओळीतून खाली ओघळलेली शाई होती, पुढच्या शब्दाचा समजलेला काना 'प'चाच होता, आणि स-श च्या बाबतीत आमचे कारकून कधीच काटेकोर नव्हते. 'बसपा'. बसप्पा! पुढे तेलाचं माप आणि रक्कम. बिशप नाही, तेलवाला निघाला.

बाईंना परत फोन करायला मला तासभर लागला. त्या गप्प झाल्या, मग म्हणाल्या, जाऊ दे, पुढचे कागद बघा, त्यानंतर बिशप फार दिवस राहिलाच नाही. तेव्हा कळलं की तंजावरहून तो त्रिचनापल्लीला गेला, 3 एप्रिलला सकाळी किल्ल्यातल्या चर्चमध्ये तमिळ ख्रिश्चनांचा विधी उरकला, उन्हाने तापून मुक्कामी आला, अंघोळीच्या हौदात उतरला आणि तिथेच गेला. बेचाळीस वर्षांचा. त्रेचाळिसावा वाढदिवस अठरा दिवसांवर होता.

उरलेले एकोणीस कागद मी प्रत्येकी दोनदा वाचले. बिशप कुठेच नाही. बसप्पा मात्र आणखी तीनदा भेटला, आणि शेवटच्या कागदावर त्याची बाकी अजून चुकती झालेली नव्हती.