फळ्यावरचं ‘माले’

स्मरणिकेसाठी लिही, असा शाळेचा निरोप आला आणि आधी तो फळा आठवला. पाचवीत मी खेड्यातून आलो, घरी अहिराणी. तोंडातून ‘मला’ऐवजी ‘माले’ निघायचं आणि वर्ग खो खो हसायचा. मराठीच्या बाईंनी एका बाजूला ‘माले, तुले’, दुसऱ्या बाजूला ‘मला, तुला’ लिहिलं आणि दोन्ही साऱ्या वर्गाकडून म्हणवून घेतलं. हसणं तिथंच थांबलं.

आज मी नोकरीनिमित्त दक्षिण कोरियात, सोलमध्ये राहतो. दर शनिवारी उत्तर कोरियातून निसटून आलेल्या मुलांना इंग्रजी शिकवतो. दक्षिणेच्या रोजच्या बोलण्यात ‘स्ट्रेस’, ‘शॉपिंग’, ‘डाएट’ असे शब्द इतके मुरलेत, की मूळ भाषा एकच असूनही ही मुलं दुकानातल्या पाट्यांपुढे अडखळतात.

आजवर असे ३४,०००हून अधिक लोक इथं पोचले. त्यांत बहुतेक बायका. मधल्या सीमेवर सुरुंग आणि काटेरी कुंपणं, म्हणून बहुतेक जण नदी ओलांडून आधी चीनमध्ये शिरतात, मग लाओस, थायलंड असा वळसा घेतात. चीनमध्ये सापडलं तर परत उत्तरेत पाठवणी, आणि पुढे कैद्यांची छावणी. इथं आल्यावर आधी सरकारी चौकशी. मग १९९९ साली सुरू झालेल्या ‘हानावोन’ केंद्रात १२ आठवडे बँकेचं कार्ड, मेट्रो, नोकरीचा अर्ज हे सगळं शिकवतात. मला हे १२ आठवडे फार अपुरे वाटतात. आपली बोली ऐकून समोरच्याचा चेहरा बदलतो, तेव्हा काय करायचं, हे एवढ्यात कोण शिकणार?

माझ्या वर्गातली एक मुलगी हॉटेलात काम करायची. मालकिणीनं विचारलं, ‘मदत करू का?’ ती म्हणाली, ‘इल ओप्सुम्निदा.’ उत्तरेत याचा अर्थ ‘असू द्या, काही हरकत नाही’. दक्षिणेत ते ‘तुमची गरज नाही’ असं तुटक ऐकू येतं. मालकीण दुखावली. तेव्हापासून कुणी गाव विचारलं, की ही दक्षिणेतल्याच गांगवोन प्रांताचं नाव सांगायची.

तिनं हे सांगितलं तेव्हा मी फळ्यावर दोन रकाने आखले. उत्तरेचे शब्द एकीकडे, दक्षिणेचे दुसरीकडे. दोन्ही मोठ्यानं म्हणायचे. पोरं खुलली. तिनं विचारलं, ‘सर, तुमच्या गावचा शब्द?’ मी कोरियन लिपीत ‘माले’ लिहिलं. सगळ्यांनी ते मोठ्यानं वाचलं.

बाई, हे तुम्हाला ऐकवायचं होतं. नव्या नोकरीत मात्र ती अजून गांगवोनचीच आहे.