एलआयसीवर मालकी कोणाची?

भारतीय आयुर्विमा महामंडळ, म्हणजेच सर्वांच्या तोंडी असलेली एलआयसी, 17 मे 2022 रोजी शेअर बाजारात आली आणि तेव्हापासून दर तिमाहीला तिच्या भागधारकांचा तक्ता जाहीर होऊ लागला. त्यात प्रवर्तक म्हणून एकच नाव असते: अर्थ मंत्रालयामार्फत भारताचे राष्ट्रपती. त्यापुढचा आकडा 96.5 टक्के. उरलेल्या साडेतीन टक्क्यांत म्युच्युअल फंड, परदेशी संस्था आणि माझ्यासारखे किरकोळ गुंतवणूकदार येतात. कागदोपत्री प्रश्न इथेच मिटतो. मला मात्र हे उत्तर अपुरे वाटते, कारण शेअर घेण्याच्या पुष्कळ आधीपासून मी पॉलिसीधारक आहे.

जानेवारी 1956 मध्ये अर्थमंत्री चिंतामणराव देशमुखांच्या कारकिर्दीत आयुर्विम्याचे राष्ट्रीयीकरण जाहीर झाले आणि 1 सप्टेंबरला 245 विमा कंपन्या व संस्थांचा व्यवसाय एकत्र करून महामंडळ उभे राहिले. सरकारने त्यात भांडवल घातले ते अवघे पाच कोटी रुपये. 2011 च्या कायदादुरुस्तीने ते शंभर कोटींवर नेले. भागविक्रीच्या वेळी 949 रुपये या कमाल दराने याच संस्थेचे मूल्य सहा लाख कोटींच्या घरात गेले. मधल्या साडेसहा दशकांत जे वाढले, ते प्रामुख्याने हप्त्यांच्या पैशांतून वाढले, हे विसरून चालणार नाही.

पूर्वी कायद्याचा कौलही पॉलिसीधारकाच्या बाजूने होता. 1956 च्या कायद्यातील 28 व्या कलमानुसार मूल्यांकनातून, म्हणजे मालमत्ता आणि देणी यांच्या हिशेबातून, निघालेल्या शिलकीपैकी किमान 95 टक्के रक्कम पॉलिसीधारकांसाठी राखली जाई आणि सरकारच्या वाट्याला जेमतेम पाच टक्के येत. वार्षिक पत्रकात विमा रकमेच्या दर हजारी अमुक रुपये म्हणून दिसणारा बोनस याच वाटपाचा भाग होता. 2021 च्या वित्त कायद्याने ही घडी बदलली. एकच असलेला आयुर्विमा निधी विभागला गेला. नफ्यात सहभागी असलेल्या, म्हणजे बोनस मिळणाऱ्या, पॉलिसींच्या शिलकीतील भागधारकांचा वाटा टप्प्याटप्प्याने दहा टक्क्यांवर नेण्याचे ठरले आणि सहभागी नसलेल्या पॉलिसींची सगळी शिलक भागधारकांची झाली. परिणाम आकड्यांत स्पष्ट दिसतो: मार्च 2021 मध्ये सुमारे 95,600 कोटी असलेले एलआयसीचे अंतर्निहित मूल्य (निव्वळ मालमत्ता आणि चालू पॉलिसींतून भागधारकांना पुढे मिळणारा अपेक्षित नफा यांची किंमत) मुख्यतः या विभागणीमुळे सहा महिन्यांत सुमारे 5,39,700 कोटी झाले. एवढे मूल्य एका रेघेने भागधारकांच्या खात्यात गेले, आणि भागधारक म्हणजे जवळपास सर्वस्वी सरकार.

अमेरिकेतील मेटलाइफ 2000 मध्ये आणि एडिनबरोची स्टँडर्ड लाइफ 2006 मध्ये बाजारात आली, तेव्हा पात्र पॉलिसीधारकांना शेअर मिळाले. एलआयसीच्या पॉलिसीधारकांना मिळाले ते दहा टक्के आरक्षण आणि शेअरमागे साठ रुपयांची सवलत, तेही पॅन जोडलेले आणि डीमॅट खाते असलेल्यांनाच. हा फरक कायद्याने समर्थनीय आहे, कारण त्या दोन्ही कंपन्या पूर्वी पॉलिसीधारकांच्याच मालकीच्या, म्हणजे परस्पर संस्था होत्या आणि एलआयसी पहिल्या दिवसापासून सरकारचीच होती. न्यायाच्या दृष्टीने मात्र मला तो खटकतो. पॉलिसीधारकांची बाजू घेऊन काही याचिका सर्वोच्च न्यायालयातही गेल्या. 12 मे 2022 रोजी न्यायालयाने भागविक्रीला स्थगिती देण्यास नकार दिला.

सरकारची बाजूही मांडलीच पाहिजे. 37 व्या कलमानुसार प्रत्येक पॉलिसीच्या विमा रकमेला व जाहीर बोनसला केंद्र सरकारची हमी आहे आणि शेअर बाजारात येऊनही ती कायम राहिली. खेड्यापाड्यांत विमा प्रतिनिधी ‘सरकारी आहे, पैसे बुडणार नाहीत’ असे सांगतात, त्यामागे हेच कलम उभे आहे. पण मालक सरकार असले की पैसा आपोआप सुरक्षित राहतो असेही नाही. उद्योगपती हरिदास मुंदडा यांच्या कंपन्यांत महामंडळाचे सव्वा कोटीच्या आसपास रुपये गुंतवले गेल्याचे प्रकरण 1957 मध्ये फिरोज गांधींनी लोकसभेत लावून धरले, न्यायमूर्ती छागलांनी मुंबईत उघड चौकशी केली आणि अर्थमंत्री टी. टी. कृष्णम्माचारींना पद सोडावे लागले.

शेअर बाजाराची नियामक संस्था सेबीच्या मुदतीप्रमाणे 16 मे 2027 पर्यंत जनतेचा हिस्सा दहा टक्क्यांवर न्यायचा आहे, म्हणजे सरकारला आणखी साडेसहा टक्के विकावे लागतील. त्या विक्रीत जुन्या, विशेषतः नफ्यात सहभागी असलेल्या पॉलिसीधारकांना सवलतीच्या दरापलीकडे काही देता येईल का, याचा विचार आत्ताच व्हायला हवा, आणि संचालक मंडळावर त्यांच्या हिताचे बोलणारी व्यक्ती असावी, ही मागणी पॉलिसीधारकांच्या संघटनांनी नेटाने मांडावी असे मला मनापासून वाटते.