तुम्ही विचारलंत म्हणून : दहा-बारा मिनिटांचे काउबॉयपट

काउबॉयपट आवडतात असे सांगितले की पुढचा प्रश्न ठरलेला असतो : काउबॉयपटांचे नामवंत दिग्दर्शक जॉन फोर्ड यांचे बोलपट हाताशी असताना हे दहा-बारा मिनिटांचे, ओरखडे पडलेले मूकपट कशासाठी पाहता? कारण एवढेच की, तेव्हा या चित्रप्रकाराचे नियम ठरलेले नव्हते आणि जो तो आपापल्या परीने चाचपडत होता.

एडविन पोर्टर यांनी १९०३ साली एडिसन कंपनीसाठी केलेला ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’ अमेरिकेच्या पश्चिम भागात नव्हे, पूर्वेकडच्या न्यू जर्सीच्या परिसरात चित्रित झाला. पहिल्याच दृश्यातील तारघर उघडउघड नाटकाच्या नेपथ्यासारखे आहे, पण त्याच्या खिडकीबाहेर खरीखुरी आगगाडी येऊन थांबते; दोन वेगवेगळी चित्रणे एकाच चौकटीत उतरवून ही किमया साधलेली आहे. पुढे धावत्या इंजिनामागे झटापट होते आणि एका माणसाला खाली फेकले जाते. माणसाच्या जागी बाहुला कधी आला हे बारकाईने पाहणाऱ्याला कळते, तरीही दचकायला होतेच. सर्वांत गंमतीचा आहे तो दरोडेखोर थेट प्रेक्षकांवर पिस्तूल झाडतो तो तुकडा. कथेत त्याला जागाच नाही, आणि तो आरंभी जोडावा की शेवटी, हे कंपनीने आपल्या सूचिपत्रात खेळ दाखवणाऱ्याच्या मर्जीवर सोडले होते!

१९०५ मध्ये पोर्टर यांनीच ‘द लिटिल ट्रेन रॉबरी’त त्याची नक्कल केली : दरोडेखोर लहान मुले, आगगाडी चिमुकली आणि लूट म्हणजे खाऊ व बाहुल्या. चित्रप्रकार नीट उभा राहण्याआधीच त्याचे विडंबन हजर होते.

माझा विशेष लोभ मात्र अ‍ॅलिस गी-ब्लाशे यांच्या सोलॅक्स कंपनीच्या ‘अ‍ॅल्गी द मायनर’वर (१९१२) आहे. नाजूक, शहरी अ‍ॅल्गीला लग्नाआधी वर्षभरात आपला मर्दपणा सिद्ध करायचा असतो. पश्चिमेत पोहोचल्यावर तो एका रांगड्या गड्याचे आभार चक्क मुका घेऊन मानतो. पुढे जिम नावाचा आडदांड खाणकामगार त्याला घडवतो खरा, पण दारूपायी कोलमडलेल्या जिमला सावरतो तो अ‍ॅल्गीच. मर्दानगीची इतकी खेळकर उलटतपासणी नंतरच्या काउबॉयपटांत क्वचितच आढळते.

तोवर पोर्टर यांच्या दरोडापटात किरकोळ भूमिका केलेले अँडरसन ‘ब्रॉन्को बिली’ म्हणून लोकप्रिय झाले होते आणि मनाने सज्जन असलेल्या गुन्हेगाराचा साचा त्यांच्या शेकडो लघुपटांतून पक्का होत होता. तेही मी पाहतो, पण एका बैठकीत एखाददुसराच. सलग पाहिले की पुढचे दृश्य आधीच सांगता येते.