डिस्क गोदामात नाही, पैसे खात्यात नाहीत: प्री-ऑर्डरचा माझा अनुभव

खेड्यात राहून प्लेस्टेशनवर, म्हणजे टीव्हीला जोडायच्या गेमच्या यंत्रावर, खेळायचं तर गेमची डिस्कच परवडते. आमचं गाव दारव्हा तालुक्यात, यवतमाळ जिल्ह्यात. फायबर ग्रामपंचायतीपर्यंत आलं, घरापर्यंत नाही. मोठा गेम उतरवायचा म्हणजे ऐंशी-शंभर जीबी, आणि मोबाइलचा पॅक रोजचा दोन जीबीचा. डिस्कलाही पहिल्या दिवशी अपडेट येतोच, पण बहुतेक गेमचा मोठा भाग डिस्कवरूनच कन्सोलमध्ये चढतो. शिवाय खेळून झालं की डिस्क विकता येते, मित्राला देता येते. आम्ही काही मित्र मिळून एक डिस्क घेतो आणि ती घरोघरी फिरते.

मोठ्या गेमची पीएस-५ (प्लेस्टेशन ५) डिस्क २०२५ मध्ये साधारण ४,९९९ रुपयांना पडायची. नवा गेम येणार असला की ऑनलाइन दुकानं महिनोन्‌महिने आधीपासून प्री-ऑर्डर घेतात. आमच्यासारख्यांना त्याचा मोह पडतो, कारण गेम आल्यावर पहिला माल नागपूर-पुण्यातच संपतो. तर असाच एक गेम मी जानेवारीत एका ऑनलाइन दुकानातून प्री-ऑर्डर केला. गेमचं नाव लिहीत नाही, कारण तक्रार गेमबद्दल नाही. पैसे भरायच्या पानावर यूपीआय, कार्ड आणि नेटबँकिंग एवढेच पर्याय होते. कॅश ऑन डिलिव्हरी प्री-ऑर्डरला नव्हती. यूपीआयचा पिन टाकला आणि त्याच मिनिटाला ४,९९९ रुपये कापले गेल्याचा मेसेज आला. गेम यायला तेव्हा काही महिने बाकी होते.

मग त्या गेमची तारीख पुढे गेली. नंतर पुन्हा गेली, आणि शेवटी तारीखच राहिली नाही. ऑर्डरच्या पानावर नुसतं ‘लवकरच’ असं दिसू लागलं.

या धंद्यात हे नवीन नाही. सायबरपंक २०७७ हा गेम १६ एप्रिल २०२० ला यायचा होता. तो सप्टेंबरवर गेला, मग नोव्हेंबरवर, आणि शेवटी १० डिसेंबर २०२० ला आला. जवळपास आठ महिने. गेम बनवणाऱ्यांनी वेळ घ्यावा, अर्धाकच्चा गेम देण्यापेक्षा ते बरं. प्रश्न एवढाच आहे की त्या आठ महिन्यांत गिऱ्हाइकाचे पैसे कोणाकडे राहावेत.

बाबांना मे महिन्यात कळलं. मी कृषी केंद्रात कामाला आहे, खरिपाच्या आधी घरातल्या प्रत्येक रुपयाचा हिशेब होतो. ते म्हणाले, “सामान आलं नाई अन् पैसे घेऊन बसले? अशी कशी दुकानदारी बावा? मांग त्यायले वापस.” २०२५ च्या हंगामात बीटी कपाशीच्या बीजी-२ बियाण्याच्या पाकिटाची कमाल किंमत सरकारनं ९०१ रुपये ठरवली होती. म्हणजे माझ्या एका डिस्कच्या पैशात सरकीची पाच पाकिटं येऊन वर काही उरत होतं. दोन-अडीच एकराची लागवड. शहरात पगारावर चालणाऱ्या घराला पाच हजार रुपये चार-सहा महिने अडकले तर फार जाणवत नसेल. आमच्याकडे तूर विकून झालेली असते, कापसाचे पैसे उधारीत गेलेले असतात आणि मृग तोंडावर असतो. पैसा तोच, पण जूनमधला पैसा वेगळा असतो.

बाबांच्या प्रश्नाचं उत्तर मला नीट शोधावंसं वाटलं, आणि शोधताना बरंच कळलं.

अमेरिकेत अ‍ॅमेझॉनसारखं दुकान डिस्कची प्री-ऑर्डर घेताना कार्डाचा नंबर घेऊन ठेवतं आणि पैसे डिस्क रवाना होताना घेतं. ऑर्डरच्या वेळी कार्ड चालू आहे का हे बघायला एखादी रक्कम तात्पुरती अडवली जाते, ती काही दिवसांत आपोआप सुटते. म्हणूनच तिथल्या लोकांना कधीकधी दोनदा पैसे गेल्यासारखं वाटतं. एकदा रक्कम नुसती अडवलेली असते, एकदा खरी वजावट असते. कार्ड मधेच बाद झालं तर ऑर्डर रद्द होते, हा त्या पद्धतीतला धोका.

आपल्याकडे हे जसंच्या तसं होत नाही, त्यामागे एक चांगलं कारण आहे. रिझर्व्ह बँकेनं १ ऑगस्ट २००९ पासून ऑनलाइन कार्ड व्यवहाराला दुसरी खातरजमा सक्तीची केली. तोच आजचा ओटीपी. पुढे १ ऑक्टोबर २०२२ पासून दुकानांना ग्राहकाच्या कार्डाचा नंबर स्वतःकडे साठवायलाही बंदी आली, त्याऐवजी टोकन, म्हणजे खऱ्या नंबराच्या जागी वापरायचा बदली क्रमांक, आलं. त्यामुळे चार महिन्यांनी डिस्क गोदामात आली की आपल्याला न विचारता कार्डावरून पैसे ओढून घेणं इथल्या दुकानाला जमत नाही. ही आपली सुरक्षा आहे आणि ती असायलाच हवी. पण दुकानांनी त्यातून स्वतःला सोयीचा अर्थ काढला. नंतर घेता येत नाहीत ना, मग आधीच सगळे घेऊन टाका.

हे मला मान्य नाही. आमच्या कृषी केंद्रात मे महिन्यात एखाद्या वाणाच्या सरकीची टंचाई असते. शेतकरी येतो, आम्ही वहीत त्याचं नाव, गाव, मोबाइल नंबर आणि किती पाकिटं ते लिहितो. लॉट उतरला की फोन जातो: “काका, माल आला, उद्या सांजेपर्यंत घेऊन जा.” ते येतात, पैसे देतात, पक्कं बिल आणि पाकिटं घेऊन जातात. नाही आले तर यादीतल्या पुढच्याला फोन. ऑनलाइन दुकानाला हेच करायला कोणी अडवलं आहे? डिस्क गोदामात आली की पैसे भरायची लिंक पाठवा, एक दिवसाची मुदत द्या, ओटीपी किंवा पिन तेव्हा मागा. यूपीआयमध्ये तर २०१८ पासून एकदाच वापरायच्या मँडेटची, म्हणजे पैसे नंतर कापायला आधीच मंजुरी देऊन ठेवायची, सोय आहे. आयपीओ, म्हणजे कंपनीच्या पहिल्यांदा विक्रीला आलेल्या शेअरचा अर्ज, भरणाऱ्यांना ती ओळखीची आहे: पैसे आपल्याच खात्यात राखून ठेवले जातात आणि शेअर मिळाला तरच कापले जातात. महिनोन्‌महिने पैसे राखून ठेवणं हेही अडकणंच, पण निदान ते आपल्या खात्यात तरी असतात.

आता पैसे परत कसे मिळाले ते सांगतो, कारण तिथं बरेच जण मधेच सोडून देतात.

ऑर्डरच्या पानावर रद्द करायचं बटणच दिसत नव्हतं. चॅटवर आधी यंत्र बोलतं, ते तीच तीच उत्तरं देतं. ‘एजंटशी बोलायचं आहे’ हे सारखं लिहीत राहिलं की माणूस येतो. माणूस आला, हिंदीतून गोड बोलला, आणि म्हणाला की ऑर्डर आत्ता रद्द करतो, पैसे आमच्या दुकानातल्या तुमच्या वॉलेटमध्ये लगेच जमा होतील, फक्त ‘यस’ लिहा.

इथं थांबायचं. तो ‘यस’ लिहायचा नाही. रिझर्व्ह बँकेनं मार्च २०२० मध्ये पेमेंट अ‍ॅग्रिगेटरांसाठी (म्हणजे दुकानांच्या वतीनं ऑनलाइन पैसे स्वीकारणाऱ्या कंपन्यांसाठी) मार्गदर्शक सूचना काढल्या. त्यात असं आहे की परतावा ज्या मार्गानं पैसे आले त्याच मार्गानं जायला हवा, ग्राहकानं दुसऱ्या मार्गाला स्पष्ट संमती दिली असेल तरच वेगळं. म्हणजे चॅटवरचा आपला ‘यस’ हीच ती संमती. वॉलेटमध्ये गेलेल्या पैशातून सरकी येत नाही, त्याच दुकानातून काहीतरी घ्यावं लागतं. मी लिहिलं की मला मूळ बँक खात्यातच परतावा हवा आहे, वॉलेटला माझी संमती नाही. आणि त्या सगळ्या संभाषणाचे स्क्रीनशॉट काढून ठेवले. चॅट बंद झाली की ती परत उघडत नाही.

त्यानंतर खूप दिवस ‘वरच्या टीमकडे पाठवलं आहे’ एवढंच ऐकू येत राहिलं. एक माणूस तर म्हणाला की प्री-ऑर्डर रद्द होतच नाही, आधीचा रद्द करून देणार होता! तेव्हा मी ग्राहक सेवेचा नाद सोडला आणि तक्रार निवारण अधिकाऱ्याला मेल केला. ग्राहक संरक्षण (ई-कॉमर्स) नियम २०२० प्रमाणे प्रत्येक ऑनलाइन दुकानाला असा अधिकारी नेमून त्याचं नाव, हुद्दा आणि संपर्क वेबसाइटवर द्यावा लागतो. तळाशी बारीक अक्षरांत कुठंतरी असतं, शोधलं की सापडतं. त्या अधिकाऱ्यानं ४८ तासांत पोच द्यायची आणि तक्रार मिळाल्यापासून एका महिन्यात ती निकाली काढायची, असं नियमात लिहिलं आहे.

मेल छोटा ठेवला. ऑर्डर नंबर, पैसे गेल्याची तारीख, रक्कम, यूपीआयचा व्यवहार क्रमांक, आधी जाहीर झालेली तारीख आणि आता पानावर तारीखच नाही ही गोष्ट. सोबत स्क्रीनशॉट आणि पासबुकाच्या त्या पानाचा फोटो. पासबुक मुद्दाम बँकेत जाऊन यंत्रावर छापून घेतलं होतं. यूपीआयची ती वजावटीची ओळ, तिच्यातला बारा आकडी क्रमांक आणि शेजारी ४,९९९.०० हे एका नजरेत दिसतं, मोबाइलच्या मेसेजपेक्षा त्याचं वजन जास्त पडतं असा माझा समज आहे. रागाचं एकही वाक्य लिहिलं नाही. शेवटी एवढंच लिहिलं की मुदतीत परतावा मिळाला नाही तर यवतमाळच्या जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार करीन.

हे लिहिता येतं कारण ग्राहक संरक्षण कायदा २०१९ मुळे आपण राहतो त्या जिल्ह्यातच तक्रार दाखल करता येते. दुकानाचं ऑफिस बेंगळुरूला असो की गुरुग्रामला, आपल्याला तिकडं जावं लागत नाही. पाच लाखांपर्यंतच्या रकमेच्या तक्रारीला फी नाही, आणि तक्रार ऑनलाइनही दाखल करता येते. खेड्यातल्या माणसासाठी ही फार मोठी गोष्ट आहे. ती आमच्याकडे फार कमी लोकांना माहीत आहे.

मेलची पोच आली, पण पैसे हलेनात. मग १९१५ वर फोन लावला. ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन, सकाळी आठ ते रात्री आठ चालते, आणि मराठीत बोलता येतं. पलीकडच्या ताईंनी शांतपणे सगळं लिहून घेतलं, कागदपत्रं पोर्टलवर कशी चढवायची ते सांगितलं आणि तक्रारीचा क्रमांक दिला. हेल्पलाइन निकाल देत नाही, ती तक्रार कंपनीपर्यंत पोचवते आणि उत्तर मागते. पण तिथून गेलेली तक्रार दुकान वेगळ्या नजरेनं वाचतं हे मात्र नक्की. आतापर्यंत ‘टीम’ म्हणून बोलणाऱ्यांऐवजी एका माणसानं स्वतःचं नाव सांगून फोन केला आणि मूळ खात्यात परतावा मंजूर केल्याचं सांगितलं.

मंजूर म्हणजे जमा नव्हे. दुकान म्हणतं आम्ही पाठवले, बँक म्हणते आम्हाला आले नाहीत, आणि मधल्या मधे आपण. अशा वेळी दुकानाकडून परताव्याचा संदर्भ क्रमांक मागून घ्यायचा, ज्याला यूटीआर किंवा आरआरएन म्हणतात. तो नसेल तर बँकेतले साहेब काहीच बघू शकत नाहीत, असेल तर संगणकावर लगेच शोधता येतं. मला तो क्रमांक मेलवर मिळाला आणि थोड्या दिवसांत पैसे जमा झाले. पूर्ण ४,९९९. तोवर पऱ्हाटी, म्हणजे कपाशी, बोटभर उगवून आली होती. सरकी उधारीवर आणावी लागली होती, ती उधारी या पैशांतून फेडली.

आता गावातली पोरं प्री-ऑर्डर करायच्या आधी मला विचारतात. मी त्यांना आधी पैसे कधी कापणार ते बघायला सांगतो, ऑर्डर देताना की माल निघताना. पानावर लिहिलेलं नसेल तर चॅटवर विचारून त्या उत्तराचा स्क्रीनशॉट घ्यायचा. मग रद्द करायची अट वाचायची. आणि पिन कोड टाकून बघायचा, कारण आमच्या भागात काही कुरिअर तालुक्याच्या पुढे येतच नाहीत, आणि हे प्री-ऑर्डर घेताना कोणी सांगत नाही. स्पीड पोस्टनं पाठवणारं दुकान असेल तर पोस्टमन घरापर्यंत आणून देतो.

ई-कॉमर्सच्या नियमांत पैसे माल निघाल्यावरच घ्यावेत असं कुठं म्हटलेलं नाही. ते म्हणायला हवं. निदान जाहीर केलेली तारीख चुकली की ग्राहकानं न मागता पैसे मूळ खात्यात परत जावेत, एवढं तरी. अमेरिकेत माल वेळेत निघत नसेल तर ग्राहकाला कळवून त्याची संमती घ्यायची, नाहीतर पैसे परत करायचे, असा नियम १९७५ मध्येच केला गेला. आपल्याकडे तो आणणं अवघड नाही. हेल्पलाइनवर तक्रार नोंदवताना मी हेही लिहिलं होतं, आणि ज्यांचे पैसे असे अडकले आहेत त्यांनी आपल्या तक्रारीत ते लिहावं.

तो गेम शेवटी दिवाळीनंतर आला. नागपुरात सीताबर्डीला एक दुकान आहे, तिथल्या दादांना फोन केला. त्यांनी वहीत नाव लिहिलं, माल आल्यावर फोन केला, डिस्कचा आणि बिलाचा फोटो पाठवला, तेव्हा यूपीआयनं पैसे दिले. संध्याकाळच्या ट्रॅव्हल्सनं पार्सल टाकलं, दारव्ह्याच्या चौकात मी ते उतरवून घेतलं.